काळ्या टोपीच्या मागावर, टोकियोत

शिंजुकू स्टेशनला दोनशेहून जास्त एक्झिट आहेत. रोज तीस लाखांहून जास्त माणसं इथून ये-जा करतात. सकाळी साडेनऊला दादरच्या पुलावर धक्के खाऊन तयार झालेल्या माणसालाही इथे पहिल्या पाच मिनिटांत घाम फुटतो. बहुतेक टुरिस्ट मंडळी पूर्वेच्या एक्झिटकडे वळतात. तिकडे मोठ्या स्क्रीनवर थ्री-डी मांजर आळस देते, इमारतीच्या गच्चीवरून गॉडझिलाचं डोकं डोकावतं, सगळे हात वर करून फोटो काढतात. आपल्याला मात्र पश्चिमेला जायचंय. मांजर आपल्यालाही बघायचीय, पण भटकी.

‘नोरानेको’ म्हणजे भटकी मांजर. निक्कात्सू या जपानी फिल्म कंपनीने १९७० च्या मे महिन्यात ‘नोरानेको रॉक’ मालिकेतला पहिला चित्रपट रिलीज केला. शिंजुकूत उंडारणाऱ्या पोरींची एक टोळी, रात्र, सिगारेटी, रॉक म्युझिक आणि मारामारी, असा सगळा मामला. हीरो कुणी असेल तर मोटारसायकलवरून येणारी अकिको वादा, ती तेव्हाची नव्या दमाची गायिका. पण पिक्चर संपल्यावर लक्षात राहते ती दुसरीच. सडपातळ, लांब केसांची, आणि समोरच्याकडे असं बघणारी की समोरचा आधी खाली बघतो. तिचं नाव मेईको काजी.

या चित्रपटात एक पाठलाग आहे. मोटारसायकल आणि बग्गी पादचारी पुलांवरून, जिन्यांवरून धडधडत जातात. शिंजुकूचा पश्चिम भाग तेव्हा कसा होता हे बघायचं असेल तर इतिहासाच्या पुस्तकापेक्षा हा पाठलाग बघा. शहराला पाणी पुरवणारं योदोबाशीचं जलशुद्धीकरण केंद्र १९६५ मध्ये इथून हललं आणि स्टेशनच्या मागे एकदम मोकळी जागा झाली. तिथला पहिला टॉवर, केईओ प्लाझा हॉटेल, उघडला १९७१ मध्ये. मधल्या सहा वर्षांत टोकियोच्या ऐन मध्यावर एक भलंमोठं रिकामपण होतं. अशा जागेत टोळ्या आणि कॅमेरे दोन्ही शिरणारच.

आणि फक्त टोळ्याच नव्हेत. वेस्ट एक्झिटच्या खालच्या भुयारी चौकात १९६९ च्या उन्हाळ्यात दर शनिवारी हजारो तरुण गिटार घेऊन जमायचे. व्हिएतनाम युद्धाविरुद्धची गाणी, घोषणा, वादविवाद. यावर यंत्रणेने काढलेला उपाय इतका भन्नाट आहे की दाद द्यावीशी वाटते. ‘चौक’ असं लिहिलेली पाटी काढून तिथे ‘मार्गिका’ अशी पाटी लावली. चौकात माणूस थांबू शकतो, मार्गिकेत थांबला की अडथळा. संपलं! वर्षभराच्या आत त्याच भागात निक्कात्सूवाले आपल्या भटक्या मांजरींना घेऊन आले. पडद्यावरच्या पोरी उगाच इकडेतिकडे रेंगाळताना दिसतात ना, ते रेंगाळणं तेव्हा जवळजवळ बेकायदा होतं, हे माहीत झालं की पिक्चरचा रंगच बदलतो.

आज इथे काय आहे? टोकियो सरकारची २४३ मीटर उंचीची जुळी इमारत. पंचेचाळिसाव्या मजल्यावरून शहर फुकटात बघता येतं, हवा चांगली असेल तर फुजीसुद्धा. खाली स्टेशनजवळचं ओदाक्यूचं जुनं डिपार्टमेंट स्टोअर ऑक्टोबर २०२२ मध्ये बंद झालं आणि पाडलं गेलं. कुंपणं, क्रेन, बाण दाखवणाऱ्या पाट्या. मी तिथे खांबाला टेकून मॅप बघत उभी होते तर युनिफॉर्ममधल्या एका काकांनी अत्यंत नम्रपणे वाकून मला पुढे सरकायला सांगितलं. मार्गिका आहे बाबा!

उलटा रस्ता

माझ्या वयाच्या बहुतेकांसारखी मीही काजीपर्यंत उलट्या रस्त्याने पोचले. ‘किल बिल’ मधली बर्फातली तलवारबाजी आठवतेय? ल्यूसी लिऊ कोसळते आणि एक बाई जपानीत गायला लागते. तो आवाज काजीचा. गाणं १९७३ च्या ‘लेडी स्नोब्लड’ या तिच्याच चित्रपटातलं. २००३ मधल्या पहिल्या ‘किल बिल’ च्या शेवटीही पुन्हा तिचंच गाणं वाजतं, ‘उरामी बुशी’. टॅरँटिनोने बर्फ घेतला, सूड घेतला, पांढऱ्या किमोनोवरचं रक्त घेतलं आणि वर गाणीही घेतली. श्रेय दिलं, हे मान्य. पण त्यानंतर जगभर काजीची ओळख ‘किल बिलवाली मूळ बाई’ अशी झाली, ती काही पुसली जाईना.

गोल्डन गाईत याचा अनुभव येतो. शिंजुकूच्याच पूर्वेला, सहा अरुंद गल्ल्यांत दोनशेहून जास्त बार दाटीवाटीने बसलेत. एकेका बारमध्ये सहा-आठ माणसं मावतात. आठवा आत आला की पहिल्याने पोट आत घ्यायचं. बरेच बार नुसतं बसायचेही पैसे घेतात, तेव्हा दारावरची पाटी वाचूनच आत शिरा. काही बार खास सिनेमावेड्यांचे आहेत. अशाच एका ठिकाणी माझ्या शेजारी काळ्या टी-शर्टवर काजीचा चेहरा छापलेला एक युरोपियन मुलगा बसला होता. त्याला तिचे १९७० ते १९७४ चे सगळे पिक्चर तारखांसकट पाठ. ‘लेडी स्नोब्लड’ आणि ‘सासोरी’ या दोन्ही मालिकांचे झकपक ब्लू-रे सेट २०१६ मध्ये अमेरिका-ब्रिटनच्या कंपन्यांनी काढले, तेही त्याच्याकडे होते. १९७४ नंतर तिने काय केलं, विचारल्यावर गाडी अडली.

मग दुसऱ्या दिवशी मी तोच प्रश्न उलट्या बाजूने विचारला. मी उतरले होते निशी-कासाईला. टोकियोतली बरीच भारतीय मंडळी, त्यात आपली मराठी आयटी जनता, याच भागात राहते. ज्या मैत्रिणीकडे राहिले तिच्या ऑफिसातल्या एक पन्नाशीच्या बाई जेवायला आल्या होत्या. मी फोनवर काजीचा फोटो दाखवला. त्या टाळी वाजवून म्हणाल्या, “ओमासा!” सासोरी नाही, स्नोब्लड नाही. ‘ओनिहेई हान्काचो’ ही एदो काळातली पोलिसी मालिका १९८९ मध्ये टीव्हीवर सुरू झाली आणि खास भाग धरून थेट २०१६ पर्यंत चालली. त्यात काजी ओमासा झाली होती. आधीची चोर, आता साहेबांची खबरी. जपानमधल्या दोन पिढ्या तिला घरातल्या माणसासारखं ओळखतात ती या भूमिकेमुळे. टी-शर्टवाल्याची काजी आणि या बाईंची काजी एकमेकींना रस्त्यात भेटल्या तर ओळख दाखवतील की नाही, शंकाच आहे.

फाटक बंद आहे

शिंजुकूहून केईओ लाइनची फास्ट गाडी पकडली की वीसेक मिनिटांत चोफू येतं. हे टोकियोचं सिनेमाचं उपनगर. स्टेशन २०१२ मध्ये जमिनीखाली गेलं आणि वर मॉल, मल्टिप्लेक्स, बसायला बाकडी आली. जवळच्या तेनजिन गल्लीत कितारो या भुताच्या पोराचे पुतळे आहेत, कारण त्याचे जनक शिगेरू मिझुकी चोफूत राहायचे. कादोकावा दाईएई स्टुडिओच्या दाराशी दाईमाजिन नावाच्या दगडी राक्षसाच्या दोन मूर्ती पहारा देतात. फोटो काढायला इथे काहीच कमी नाही.

मला हवा होता निक्कात्सूचा स्टुडिओ. तो स्टेशनपासून लांब, तमा नदीच्या बाजूला. १९५४ मध्ये उभा राहिला आणि अजूनही चालू आहे, फक्त आकसलाय. काही जमीन विकली गेली, तिथे अपार्टमेंट उभी आहेत. बाल्कन्यांत गाद्या वाळत घातलेल्या. फाटक बंद, आत जाता येत नाही, बाहेर कुणाच्या नावाची पाटी वगैरे नाही.

१९६५ मध्ये इथे मासाको ओता नावाची, कांदा भागात जन्मलेली अठरा वर्षांची मुलगी नोकरीला लागली. हो, नोकरीलाच. तेव्हाच्या जपानी स्टुडिओत नट-नट्या कंपनीच्या पगारी माणसांसारखे असत. आज या सेटवर, उद्या त्या. चार वर्षं तिने बाजूची कामं केली. १९६९ मध्ये मासाहिरो माकिनो या बुजुर्ग दिग्दर्शकाने तिला घेतलं आणि नवं नाव दिलं, मेईको काजी. पुढच्या वर्षी ‘नोरानेको रॉक’ आला. दुसऱ्या भागापासून वादा बाजूला झाली आणि मालिका काजीकडे आली. मे १९७० ते जानेवारी १९७१ या आठ महिन्यांत पाच चित्रपट! आपल्याकडे आठ महिन्यांत एका वेबसीरिजचा टीझर निघत नाही.

घाई का होती? धंदा बुडत होता. १९५८ मध्ये जपानमध्ये वर्षाला ११२ कोटींहून जास्त सिनेमा तिकिटं विकली गेली होती. १९७२ मध्ये हा आकडा १९ कोटींच्याही आत आला. टीव्ही घराघरात पोचला होता. कंपन्यांच्या हातात उरलं होतं ते एकच गिऱ्हाईक, तरुण पोरं. त्यांना टीव्हीवर मिळणार नाही ते द्यायचं, म्हणजे वेग, रक्त आणि उघडं अंग. १९७१ च्या ऑगस्टमध्ये निक्कात्सूने नेहमीची निर्मिती थांबवली आणि नोव्हेंबरपासून ‘रोमन पोर्नो’ या नावाखाली प्रौढांसाठीचे छोटे, स्वस्त चित्रपट काढायला सुरुवात केली. कंपनी त्यावर तगली. काही चांगले दिग्दर्शकही त्यातून घडले, हे नाकारून चालणार नाही.

पण काजी चोवीस वर्षांची होती, नुकती कुठे नावारूपाला आलेली, आणि तिने तिथे थांबायचं नाही असं ठरवलं. दुसऱ्या कंपनीचं दार उघडेल याची खात्री देणारं कुणी नव्हतं. त्या बंद फाटकासमोर उभं राहिल्यावर मला पडद्यावरच्या सगळ्या तलवारींपेक्षा हा निर्णय जास्त धारदार वाटला. नदीचा काठ दोन मिनिटांवर आहे. शाळेची मुलं तिथे बेसबॉल खेळत होती.

काजीचा ठसठशीत, ओळखू येणारा अवतार मात्र चोफूच्या कारकिर्दीतच तयार झाला होता. मालिकेतला तिसरा चित्रपट, यासुहारू हासेबेचा ‘सेक्स हंटर’. नावावर जाऊ नका. गोष्ट ताचिकावाची आहे, जिथे तेव्हा अमेरिकन लष्कराचा विमानतळ होता. एक टोळी अमेरिकन बापांच्या मुलांना शोधून मारते आहे आणि पोरींच्या टोळीची म्होरकी माको, म्हणजे काजी, अशाच एका मुलाच्या बाजूने उभी राहते. तो मुलगा झालेला रिकिया यासुओका स्वतः इटालियन बापाचा. या चित्रपटात काजीच्या डोक्यावर रुंद काठाची काळी टोपी आहे. टोपीच्या सावलीत अर्धा चेहरा, बाहेर फक्त डोळे.

ताचिकावाला चुओ लाइनने जाता येतं. तळ १९७७ मध्ये जपानला परत मिळाला आणि १९८३ मध्ये तिथे शोवा किनेन पार्क उघडलं. आज सायकली भाड्याने मिळतात, नोव्हेंबरात गिंको झाडांचे रस्ते पिवळेधमक होतात, आयाबाया डबे उघडून बसतात. पन्नास वर्षांपूर्वी इथे काय धुमसत होतं त्याचा वासही येत नाही. मला ते आवडलंही आणि खटकलंही.

न बोलणारी बाई

दुसरं दार उघडलं ते तोएई कंपनीचं. इकेबुकुरोहून सेईबू लाइनने ओईझुमी-गाकुएनला उतरायचं. तिथे तोएईचा टोकियो स्टुडिओ आहे. बाहेरून बघण्यासारखं फार नाही, शेजारचं अ‍ॅनिमेशन म्युझियम लहान मुलांसोबत गेलात तर मस्त.

तोएईने काजीला दिला ‘सासोरी’, म्हणजे विंचू. तोरू शिनोहाराच्या माँगावरून घेतलेली तुरुंगातल्या बाईची सूडकथा. प्रियकर पोलीस असतो, तो तिचा वापर करून तिला फेकून देतो, ती तुरुंगात जाते आणि मग एकेकाचा हिशोब चुकता करते. मूळ माँगातली नायिका शिवराळ आहे, तोंडाचा पट्टा थांबत नाही. काजीला ते म्हणायचं नव्हतं. मग तिनेच सुचवलं, हिला बोलायलाच लावू नका. पहिलाच चित्रपट करणारा दिग्दर्शक शुन्या इतो तयार झाला. दुसऱ्या भागात तर तिची वाक्यं एका हाताच्या बोटांवर मोजावीत इतकी कमी.

जरा विचार करा. एका नव्या नटीने स्वतःचे संवाद कापून घेतले! आपल्याकडे हीरोचे चार डायलॉग कमी झाले तर शूटिंग बंद पडतं. पण यामुळे जे झालं ते बघण्यासारखं आहे. सगळे ओरडत असतात, वॉर्डन, कैदी, पोलीस, आणि मधोमध ही गप्प. कॅमेऱ्याला दुसरीकडे जायला जागाच राहत नाही. इतोही पेटला. सेट गोल फिरतात, आकाश रक्तासारखं लाल होतं, काबुकीच्या मंचासारखा प्रकाश पडतो. तिसऱ्या भागाच्या सुरुवातीला मेट्रोच्या डब्यात एक डिटेक्टिव्ह तिला बेडी घालतो. ती त्याचा हात कापते आणि बेडीला लटकणाऱ्या त्या हातासकट गर्दीच्या रस्त्यावरून धावत सुटते. हे वाचताना शहारा आला असेल तर पिक्चर तुमच्यासाठी नाही, असं स्वच्छ सांगते.

आणखी एक स्वच्छ सांगायला हवं. या चित्रपटांत बाईवरचा अत्याचार मन लावून दाखवलाय. पुरुषांनी, पुरुष प्रेक्षकांसाठी. हल्ली त्यांना सरसकट ‘फेमिनिस्ट’ म्हणायची फॅशन आहे, ती मला पटत नाही. पण त्याच चौकटीत उभी राहून एक नटी ठरवते की यातलं मी काय करीन आणि काय नाही, आणि शेवटी लोकांना आठवतो तो तिचा भाग. पोस्टर छापणाऱ्यांना हे अपेक्षित असेल असं वाटत नाही.

काळी टोपीसुद्धा तोएईत आली. सूड घ्यायला निघालेल्या विंचवाच्या डोक्यावर तीच रुंद काठाची सावली आणि अंगात लांब काळा कोट. ‘उरामी बुशी’ तिनेच गायलं, शब्द दिग्दर्शक इतोचे. ऑगस्ट १९७२ ते डिसेंबर १९७३ मध्ये चार भाग झाले. चौथ्या भागात इतो नव्हता, जुना हासेबे आला होता. त्यानंतर काजीने विंचू सोडला. तोएईने १९७६ मध्ये दुसरी नायिका घेऊन ‘नवा सासोरी’ काढला. तो फक्त माहितीसाठी.

१९७३ हे वर्ष बघा. दोन सासोरी, ‘लेडी स्नोब्लड’, वर फुकासाकूच्या हिरोशिमावरच्या गँगस्टरपटात युद्धातल्या वैमानिकाची विधवा. मग वेग मंदावतो. १९७८ मध्ये यासुझो मासुमुराने तिला ‘सोनेझाकी शिंजू’ मध्ये ओहात्सू केलं. चिकामात्सूचं १७०३ सालचं बाहुलीनाट्य, एकत्र मरायला निघालेल्या प्रेमिकांचं. समोर नायक म्हणून रॉक गायक र्‍यूदो उझाकी. इथे ती बोलते, भरभरून बोलते, आणि इतकी वर्षं गप्प राहून साठवलेलं सगळं बाहेर काढतेय असं वाटत राहतं. पुरस्कार मिळाले. परदेशातल्या ब्लू-रेच्या कपाटात मात्र हा चित्रपट सहसा दिसत नाही. यात तलवार नाही ना!

कांदा, संध्याकाळी पाच

काजीचा जन्म ज्या कांदा भागातला, त्याच भागात जिम्बोचो येतं. जुन्या पुस्तकांची गल्ली. आपल्या अप्पा बळवंत चौकाला ताणून किलोमीटरभर करा आणि त्यात धूळ न उडता शांतता भरा. यागुची शोतेन हे १९१८ पासूनचं दुकान सिनेमा-नाटकाच्या पुस्तकांसाठी प्रसिद्ध आहे. अशा दुकानांत जुनी पोस्टर्स, प्रेस-शीट, मासिकं प्लास्टिकच्या पिशव्यांत नीट लावलेली असतात. किमती बघून परत ठेवायची. भूक लागली तर याच गल्ल्या कढीसाठी, म्हणजे जपानी करीसाठी, मशहूर आहेत. गोडसर, दाट, आपल्याला दोन हिरव्या मिरच्यांची आठवण करून देणारी.

जिम्बोचो थिएटर इथेच आहे, २००७ मध्ये सुरू झालेलं, ९९ खुर्च्यांचं. चुओ लाइनवर असागायाला लापुता आहे, फक्त ४८ खुर्च्या. इकेबुकुरोचं शिन-बुंगेईझा, शिबुयाचं सिनेमा वेरा. जुने जपानी चित्रपट इथे आठवडाभर विषय लावून दाखवतात. चोफूचं फाटक उघडत नाही, शिंजुकूची रिकामी जागा भरली, ताचिकावात गिंको पिवळे होतात. जुनं टोकियो बघायचं तर या चार-पाच काळोख्या खोल्या.

मी गेले तेव्हा दुपारच्या शोला बहुतेक साठी-सत्तरीचे आजोबा, दोन-तीन कॉलेजची मुलं. कुणी मोबाइल काढला नाही, कुणी पॉपकॉर्न वाजवलं नाही. शेवटचं अक्षर पडद्यावरून जाऊन दिवे लागेपर्यंत एकही माणूस उठला नाही. मग सगळे एकदम उठले आणि एक शब्द न बोलता जिना चढून गेले.

जाणार असाल तर महिन्याचं वेळापत्रक आधी बघून ठेवा आणि वेळेआधी पोचा, छोट्या हॉलची तिकिटं संपतात. इंग्रजी सबटायटल्स बहुधा नसतात. ‘सोनेझाकी शिंजू’ असेल तर गोष्ट वाचून जा. ‘सासोरी’ लागला असेल तर बिनधास्त घुसा. तिला फारसं काही म्हणायचं नसतंच.